मेळा उठला की माणसं कुठे जातात: फिरत्या खेळवाल्यांचा इतिहास जपण्याविषयी

प्रश्न असा आहे: "आमचं घर ग्वाल्हेरच्या लष्कर भागात. आजोबा ग्वाल्हेरच्या मेळ्यात दर वर्षी फोटो स्टुडिओ लावायचे. चंद्रकोरीवर, विमानात, मोटारीत बसून लोक फोटो काढून घ्यायचे. त्यांच्या मागे दोन ट्रंका भरून निगेटिव्ह, रंगवलेले तीन पडदे, पावतीपुस्तकं आणि पणजोबांची एक मोडीतली वही राहिली आहे. शेजारीच मौत का कुआँ (उभ्या गोल भिंतीवर गाडी फिरवण्याचा खेळ), झुले, सर्कस लागायची, त्यांचेही पुष्कळ फोटो आहेत. आता घर विकायचं ठरतंय. हे सगळं एखाद्या संग्रहालयाला देऊन टाकावं, की स्कॅन करून ठेवावं? आणि त्या झुलेवाल्या-सर्कसवाल्या लोकांचा इतिहास लिहायचा तर सुरुवात कुठून करायची?"

ताई, ट्रंका आत्ता कुणालाच देऊ नका, आणि स्कॅनरही लगेच विकत आणू नका. आधी नावं लावून घ्या. कोणत्या फोटोत कोण उभं आहे, कुठल्या सालचा मेळा, कुणाचा झुला, कुणाची सर्कस, तो माणूस पुढे कुठे गेला, हे ज्यांना ठाऊक आहे ती माणसं म्हातारी झाली आहेत आणि त्यांचा पत्ता ग्वाल्हेरचा नाही. निगेटिव्ह इतकी वर्षं टिकल्या, नीट ठेवल्या तर अजून दोन-चार वर्षं सहज निघतील. माणसांचं तसं सांगता येत नाही.

संग्रहालयांत आणि लोकांच्या घरच्या संग्रहांवर मी अनेक वर्षं काम करतो आहे, आणि या विषयातलं माझं सगळ्यात पक्कं मत हेच आहे. नाव नसलेला जुना फोटो देखणा दिसतो. हॉटेलवाले तो मोठा करून भिंतीवर लावतात, कॅलेंडरवाले छापतात. त्यातून कुणाचा इतिहास मात्र कळत नाही. त्याच फोटोच्या मागे पेन्सिलीने "डावीकडून दुसरी, झुल्याच्या गल्ल्यावर बसायची, पुढे कुआँवाल्यांच्या घरात दिली" एवढं लिहिलेलं असलं, की एक अख्खं घर समोर उभं राहतं.

ग्वाल्हेरच्या मेळ्याचा इतिहास म्हणून जे सांगितलं जातं ते शहराला पाठ आहे. 1905 साली माधवराव महाराज शिंद्यांनी तो सुरू केला, सागरतालाजवळ जनावरांचा मेळा म्हणून. मग तो वाढत गेला, रेसकोर्स रोडच्या मोठ्या मैदानावर आला, पक्की दुकानं झाली, प्राधिकरण झालं. हा झाला मेळा भरवणाऱ्यांचा इतिहास. त्याची कागदपत्रं आहेत, संस्थानचे वार्षिक अहवाल आहेत, ग्वाल्हेरच्या 'जयाजी प्रताप' या वृत्तपत्राचे अंक आहेत. पण संध्याकाळी ज्यांच्यासाठी निम्मं ग्वाल्हेर आणि मुरार तिकडे लोटायचं, त्या आकाशपाळणेवाल्यांचं, जादूगारांचं, कुआँवाल्यांचं काय? मेळ्याच्या कागदांत ते सापडलेच तर जागेच्या मापाने आणि भाड्याने सापडतात. खेळाचं नाव, ठेकेदाराचं नाव, इतके फूट, इतके रुपये. ठेकेदाराच्या मागे पंचवीस माणसं, त्यांच्या बायका, तंबूतच जन्मलेली मुलं, यांची ओळ कुठेच नाही. मेळा उठला की ट्रक भरून ती माणसं दुसऱ्या मैदानावर जातात आणि त्यांच्याबरोबर त्यांची हकिकतही जाते. म्हणून शहरात बसून हा इतिहास लिहिता येत नाही, मग शहर कितीही जुनं असो आणि शहराचं प्रेम कितीही मोठं असो.

या विसराळूपणाचं एक उदाहरण आपल्या मराठी माणसांच्या अगदी जवळचं आहे. 1880 साली मुंबईत पहिली भारतीय सर्कस उभी करणारे विष्णुपंत छत्रे मूळचे सांगलीकडच्या अंकलखोपचे. पण ते घडले ग्वाल्हेरात. गाण्याच्या ओढीने इथे आले, गायक हद्दूखाँसाहेबांकडे शिकले आणि बाबासाहेब आपट्यांकडे घोडे फिरवण्याची विद्या घेतली. पुढे इटालियन कियारिनीची सर्कस मुंबईत आली, ती पाहून छत्र्यांनी स्वतःची काढली. आणि हद्दूखाँसाहेबांचे चिरंजीव, भूगंधर्व रहिमतखाँ, काशीत विपन्नावस्थेत दिवस काढत होते, तेव्हा त्यांना सांभाळलं ते याच सर्कसवाल्याने. सर्कशीबरोबर खाँसाहेब गावोगाव फिरले आणि शेवटी कुरुंदवाडला स्थिरावले, 1922 साली तिथेच गेले. ग्वाल्हेर घराण्याचा अभिमान सांगताना आपण रहिमतखाँचं नाव आदराने घेतो. ते घराणं ज्या तंबूच्या तिकिटांवर जगलं, त्या तंबूत खुंट्या ठोकणारे खलाशी कोण होते, हे कुणी विचारल्याचं मला आठवत नाही. पुढे याच छत्र्यांच्या दौऱ्यातून केरळात तलश्शेरीला सर्कशीचं बीज पडलं, कीलेरी कुन्हीकण्णन यांनी 1901 साली तिथे सर्कस शिकवायची शाळा काढली, आणि देशभरच्या तंबूंत मल्याळी कलाकार दिसू लागले. तुमच्या आजोबांच्या निगेटिव्हमध्ये सर्कशीच्या झुल्यावरच्या मुली असतील तर त्यातल्या काही तिकडच्या निघतील, हे ध्यानात ठेवून विचारा.

आता नावं कशी लावायची ते सांगतो, कारण खरं काम इथे आहे.

खिडकीच्या काचेवर पांढरा ट्रेसिंग कागद चिकटवा, त्यावर निगेटिव्ह धरा आणि मोबाईलने फोटो घ्या. फोनमध्येच त्याचं काळं-पांढरं उलटवून पॉझिटिव्ह करता येतो. हा काही जपणुकीचा स्कॅन झाला नाही, पण चेहरा ओळखायला पुरतो. खेळवाल्यांचे म्हणून जे वाटतील तेवढेच आधी निवडा. चंद्रावर बसलेली जोडपी सध्या बाजूला राहू द्या. निवडलेल्यांच्या पोस्टकार्डाएवढ्या प्रती काढा, स्टुडिओवाले आजही स्वस्तात काढून देतात. प्रत्येकीच्या मागे निगेटिव्हचा क्रमांक घाला आणि मेळ्यात घेऊन जा.

मेळा रंगात असताना मात्र जाऊ नका. तेव्हा त्यांचा धंदा असतो आणि तुम्ही गिऱ्हाइकाची जागा अडवता. मेळा सुरू व्हायच्या आधी झुले उभे राहत असतात ते दिवस, आणि मेळा उठल्यानंतरचे दोन-तीन दिवस, हे आपले. दुपारी अकरा ते तीन. तंबूच्या मागे चूल पेटलेली असते, कपडे वाळत असतात, बायका निवांत असतात. फोटो बायकांच्या हातात द्या. झुल्याचा मालक तुम्हाला धंद्याचं सांगेल, कुठला झुला किती साली घेतला ते सांगेल. कुणाची लेक कुणाकडे दिली, कोण कुठल्या मैदानावर वारलं, कुणी धंदा सोडून दिल्लीला रिक्षा धरली, हे घरातली म्हातारी बाई सांगते. आणि फिरत्या लोकांत धंद्याची वाटचाल लग्नसंबंधांवरूनच उलगडते. कुआँवाल्याची मुलगी झुलेवाल्याकडे गेली, की पुढच्या वर्षी दोघांचे ट्रक एकाच मैदानावर उतरतात.

बोलणं अर्थात हिंदीत होईल, किंवा त्यांच्या आपापसातल्या बोलीत. ते जसंच्या तसं रेकॉर्ड करा, मराठीत वळवून लिहिण्याचा मोह नंतरसाठी ठेवा. फोनवर रेकॉर्ड करत असाल तर दबलेल्या एमपीथ्रीपेक्षा डब्ल्यूएव्ही फाईल घ्या. सुरुवातीला स्वतःच्या आवाजात तारीख, जागा आणि समोर कोण बसलं आहे ते सांगा. फाईलचं नाव बदललं, कागद हरवला, तरी ते वाक्य आत राहतं.

प्रश्न विचारताना "पूर्वी कसं होतं" असं विचारलं तर "पूर्वी फार छान होतं" एवढंच उत्तर येतं. त्यापेक्षा वाट विचारा. ग्वाल्हेरच्या आधी कुठलं मैदान, नंतर कुठलं? पावसाळ्यात सामान कुठे पडून असतं? ट्रकने की मालगाडीने? वीज कुणाकडून घेता, जनरेटर कधी आला? जागेचा ठेका थेट मिळतो की मधे कुणी असतो? एका माणसाकडून पंचवीस वर्षांच्या मैदानांची यादी मिळाली की ती दुसऱ्याच्या यादीशेजारी ठेवा. कुठल्या सालापासून एखादा छोटा मेळा वाटेतून गळला, कुठे झुल्यांची जागा मोटारींच्या विक्रीने घेतली, हे त्या दोन याद्यांतून आपोआप दिसू लागतं. कुठल्याही दफ्तरात हे मिळणार नाही.

एक काम मी जाणत्यांना नेहमी आग्रहाने सांगतो: कुआँ उभा राहताना पूर्ण चित्रण करा. खेळाचे व्हिडिओ हजारो निघतात, पण उभारणीचा क्वचित कुणी काढतो. जमीन सपाट करून मधोमध खुंटी मारतात, तिला दोरी बांधून वर्तुळ आखतात. मग भिंतीचे तुकडे येतात. लाकडी फळ्यांचे हे उभे पाट, प्रत्येकावर रंगाने आकडा, आणि ते आकड्यांच्या क्रमानेच लागले पाहिजेत, कारण वर्षानुवर्षांच्या उन्हापावसाने प्रत्येक पाट आपल्या शेजाऱ्यापुरता वाकलेला असतो. सगळे उभे राहिले की बाहेरून पोलादी दोर फिरवून आवळतात. तळाशी उताराच्या फळ्या, ज्यावरून गाडी आधी वेग घेते. वर प्रेक्षकांसाठी कठडा आणि ताडपत्री. कुठली फळी बदलायला झाली आहे ते जुना माणूस हाताने ठोकून आवाजावरून सांगतो. त्याला ते तोंडाने सांगायला लावा, ठोकल्याचा आवाजही रेकॉर्ड करा. खेळ चालतो त्यामागचं शास्त्र साधं आहे: वेगामुळे चाक भिंतीवर दाबलं जातं, त्या दाबामुळे टायर आणि लाकूड यांच्यात घर्षण तयार होतं, आणि ते गाडीला खाली घसरू देत नाही. वेग उतरला की पकड सुटते. पण यामाहा आरएक्स-100 च का धरतात, मारुती 800 मधून काय काय काढून टाकतात, नवा पोरगा आधी किती महिने नुसत्या उतारावर फिरतो, पडल्यावर दवाखान्याचा खर्च कोण करतं, हे शास्त्राच्या पुस्तकात नसतं. ते विचारा. ही विद्या हाताहाताने पुढे जाते आणि ज्या घरात मुलं शिकून दुसरीकडे लागली तिथे ती एका पिढीत संपते. त्या मुलांनी धंदा सोडला यात वाईट काही नाही, फक्त त्यांच्या बापाला येतं ते नोंदवलेलं असावं.

परदेशात हे काम कसं झालं तेही पाहण्यासारखं आहे. इंग्लंडात शेफील्ड विद्यापीठात 1994 साली फिरत्या जत्रा आणि सर्कस यांचं राष्ट्रीय अभिलेखागार सुरू झालं. त्याची खरी ताकद खेळवाल्या कुटुंबांनी विश्वासाने सोपवलेल्या फोटोंत आणि कागदांत आहे. त्याच वर्षी ब्लॅकबर्न गावात एका जुन्या दुकानाच्या तळघरात पत्र्याच्या पिंपांत भरलेल्या सुमारे 800 निगेटिव्ह फिल्मा सापडल्या. विसाव्या शतकाच्या आरंभी मिचेल आणि केन्यन या जोडीने त्या काढल्या होत्या, आणि कित्येक खेळवाल्यांच्या सांगण्यावरून काढल्या होत्या. सकाळी गिरणीतून सुटणाऱ्या कामगारांचं चित्रण करायचं आणि संध्याकाळी जत्रेच्या तंबूत त्यांनाच तिकीट लावून दाखवायचं, "या, स्वतःला पडद्यावर बघा". फिल्मा कुठल्या गावच्या, कुणासाठी काढलेल्या, हे लावता आलं याचं मोठं कारण असं की तिथल्या खेळवाल्यांची संघटना 1889 पासून आहे आणि 1904 पासून त्यांच्या धंद्याचं स्वतःचं वर्तमानपत्र निघत होतं. कुणाचा झुला कुठल्या जत्रेत लागला, कोण जन्मलं, कोण गेलं, सगळं त्यात छापून येई. ती संघटना जन्मली तीही एका भीतीतून. फिरत्या घरांवर नोंदणी आणि तपासणी लादणारं विधेयक येत होतं, त्याला विरोध करायला हे लोक एकत्र आले.

आपल्याकडे उलट झालं. नट, कंजर, डोंबारी, कोल्हाटी, मदारी अशा फिरस्त्या जमातींविषयी इंग्रजी काळात जे लिहिलं गेलं ते मुख्यतः पोलिसांनी लिहिलं. 1871 च्या गुन्हेगार जमाती कायद्याने अशा अनेक जमातींवर जन्मतःच शिक्का मारला आणि तो 1952 मध्ये निघाला. कागदोपत्री निघाला, माणसांच्या बोलण्यातून अजून पुरता गेलेला नाही. म्हणून त्यांच्यातली म्हातारी माणसं वही-पेन पाहून गप्प होतात. नाव कशाला हवं, पत्ता कशाला हवा, ही शंका त्यांनी किंमत मोजून कमावलेली आहे. तिचा मान राखा. जातीचं नाव, कायमचा पत्ता, आधार क्रमांक यांतलं काहीही स्वतःहून विचारू नका. कुणी आपणहून सांगितलं तर वेगळ्या वहीत ठेवा आणि प्रसिद्ध करू नका. आणि सगळेच खेळवाले फिरस्त्या जमातींचे असतात असंही धरून चालू नका. झुल्यांच्या धंद्यात सुतार, लोहार, शेतकरी, भांडवल घालणारे व्यापारी, सगळे आहेत. तुमच्या आजोबांसारखे लष्करातले मराठी फोटोवालेही त्याच जगातले.

सर्कशीचं बोलणं निघालं की दोन अवघड विषय येणारच. एक जनावरांचा. 1998 मध्ये केंद्र सरकारने वाघ, सिंह, बिबटे, अस्वलं आणि माकडं यांच्या खेळांवर बंदी घातली आणि 2001 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती उचलून धरली. जनावरांच्या दृष्टीने ते योग्यच झालं. पण ज्याने आयुष्यभर वाघ सांभाळला त्याचं काम एका कागदाने संपलं, आणि त्याच्याशी तुम्ही बोलणार आहात. त्याला आरोपी करून विचारू नका आणि जुन्या दिवसांचे गोडवे गायलाही लावू नका. पिंजरा किती मोठा होता, खायला काय घालायचे, चाबूक कधी वापरायचे, वाघ नेले त्या दिवशी काय झालं, असं सरळ विचारा. माणसं सरळ उत्तरं देतात. दुसरा विषय मुलांचा. सर्कशीत मुलं कामाला ठेवण्यावर 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने बंदी आली, त्याआधी नेपाळमधून आणि गरीब जिल्ह्यांतून लहान मुली आणल्या जात. तुमच्या निगेटिव्हमध्ये त्या असतील. असे फोटो फाडू नका, लपवू नका आणि प्रदर्शनात चमकदार कपड्यांतली गोड पोरगी म्हणूनही लावू नका. नोंद करा, बंद पाकिटात ठेवा, आणि ती बाई आज सापडली तर तिचं म्हणणं अंतिम माना.

आता ट्रंकांकडे वळू. ट्रंक उघडल्यावर शिरक्यासारखा आंबट वास आला तर त्या ॲसिटेट फिल्मा कुजायला लागल्या आहेत. तो वास एका पाकिटातून दुसऱ्यात पसरतो, म्हणून वास येणाऱ्या वेगळ्या काढा आणि स्कॅनिंगच्या रांगेत त्यांनाच पुढे घ्या. फिल्म पिवळी, चिकट झाली असेल आणि नाकात झोंबणारा तिखट वास असेल, आणि ती साधारण 1950 च्या आधीची असेल, तर ती नायट्रेट असू शकते. ती सहज पेट घेते. तिच्याजवळ समई, उदबत्ती, हीटर काही नको, ट्रंकेचं झाकणही लावून ठेवू नका, आणि जाणकाराला दाखवल्याशिवाय हलवू नका. बाकीच्यांचं वैरी आहे आपलं हवामान. उन्हाळ्यात माळ्यावर भट्टी पेटते, श्रावणात तिथेच बुरशी धरते. ट्रंका माळ्यावरून उतरवून घराच्या आतल्या, बाहेरच्या भिंतीला न लागलेल्या खोलीत, जमिनीपासून वीतभर उंच ठेवा. रबरबँड, स्टेपलच्या पिना, सेलोटेप, वर्तमानपत्राचे कागद आणि डांबराच्या गोळ्या काढून टाका. प्रत्येक निगेटिव्ह आम्लविरहित कागदाच्या पाकिटात घाला, फोटोच्या सामानाच्या दुकानदाराला सांगितलं तर तो मागवून देतो. मऊ, वासाच्या प्लॅस्टिक पिशव्या मुळीच नकोत. लॅमिनेशन करून आणणारे हितचिंतक नातेवाईक प्रत्येक घरात असतात, त्यांना प्रेमाने थांबवा, कारण ते परत काढता येत नाही.

स्कॅनची वेळ येईल तेव्हा टिफ फाईल करा, छोट्या निगेटिव्हसाठी 2400 डीपीआयच्या खाली जाऊ नका, आणि रंग-उजेड सुधारायचा तो प्रतीवर सुधारा. तीन प्रती ठेवा, त्यातली एक ग्वाल्हेरबाहेरच्या नातेवाइकाकडे. एवढं पुरे.

पडद्यांना मात्र मी जास्त जपेन. निगेटिव्ह इतरांकडेही निघतात, मेळ्यातल्या स्टुडिओचे मूळ पडदे फारच थोडे उरले आहेत, कारण फाटले की त्यांची ताडपत्री केली जायची. ते बहुधा सरसात कालवलेल्या भुकटीच्या रंगांनी रंगवलेले असतील. पाण्याचा थेंब पडला तरी रंग सुटतो, म्हणून ओल्या फडक्याने पुसायचं नाही, धुवायचं तर नाहीच. घडी घालून ठेवले असतील तर घडीवर रंग उडाला असेल. जाड, रुंद पाइपाला स्वच्छ सुती कापड गुंडाळून त्यावर पडदा गुंडाळा, रंगवलेली बाजू बाहेर राहील असा. आत वळवली तर रंग दाबला जाऊन पापुद्रे सुटतात. वर आणखी एक कापड. आणि चंद्रावरचा उडालेला रंग कुणाकडून "तसाच" भरून घेऊ नका. लोकांनी जिथे कोपर टेकवलं तिथे रंग झिजला आहे, तो झिजलेला भागही मला हवा असतो.

पडद्यांचा उपयोग मेळ्यात करायचा असेल तर एकाचा चांगला फोटो काढून कापडावर छापून घ्या. झुल्यांच्या मागे तो बांधा आणि खेळवाल्या कुटुंबांचे फोटो फुकट काढून द्या, प्रत तिथल्या तिथे हातात. आयुष्यभर दुसऱ्यांची करमणूक करणाऱ्या या लोकांचा घरातल्या सगळ्यांनी मिळून काढलेला फोटो फार कमी घरांत असतो. तुमच्या आजोबांचं नाव सांगितलंत की दोन म्हातारे तरी उठून जवळ येतील, आणि मग ट्रंकेतल्या फोटोंवरची नावं सुटायला लागतील.

हक्काचंही स्पष्ट असावं. आपल्या 1957 च्या स्वामित्वहक्क कायद्यात 2012 च्या दुरुस्तीपासून छायाचित्राचा हक्क छायाचित्रकाराच्या हयातीत आणि त्याच्या मृत्यूनंतर 60 वर्षं चालतो. शिवाय पैसे देऊन कुणी फोटो काढून घेतला असेल, तर वेगळा करार नसल्यास पहिला हक्क काढून घेणाऱ्याचा. म्हणजे तुमच्या ट्रंकेतल्या गिऱ्हाइकांच्या फोटोंवर तुमचा हक्क बहुतेक नाही, निगेटिव्हचा तुकडा तेवढा तुमचा. कायदा बाजूला ठेवला तरी मी हेच म्हणेन: ज्याचा चेहरा त्याला आधी प्रत. परवानगीचा कागद एका पानाचा, हिंदीत, मोठ्या अक्षरांत असू द्या आणि तो वाचून दाखवा. अभ्यासाला चालेल का, प्रदर्शनात चालेल का, नाव घातलेलं चालेल का, हे तीन वेगळे प्रश्न ठेवा. एकाला हो आणि दुसऱ्याला नाही म्हणायची मुभा हवी. त्यावर परत तुमचा फोन नंबर द्या, म्हणजे पुढे मन बदललं तर सांगता येईल.

संग्रहालयाला द्यायचं की नाही, तर पडदे द्यावेत असं मला वाटतं, कारण घरात तेवढी जागा आणि तेवढं कोरडं हवामान ठेवणं कठीण. पण देणगीपत्राशिवाय नाही. त्यात लिहून घ्या की संग्रह फोडायचा नाही, विकायचा नाही, खेळवाल्यांच्या कुटुंबांना पाहायला आणि प्रत घ्यायला मोफत मिळेल, आणि तुमच्या आजोबांच्या नावाशेजारी त्यांचीही नावं लागतील. यातल्या शेवटच्या अटीवर जी संस्था कां-कूं करेल तिच्याकडे देऊ नका. निगेटिव्ह नावं लागेपर्यंत तुमच्याकडेच. पोस्टरं आणि पडदे विकत घेणारे दलाल घरविक्रीची बातमी लागताच येतात, एकेक नग वेगळा मागतात आणि भाव बरा देतात. संग्रह फुटला की कुठला फोटो कुठल्या पावतीशी जुळतो ते कायमचं गेलं.

पावतीपुस्तकांना रद्दी समजू नका. तारीख, रक्कम, कधी नाव, कधी गाव. मेळ्याचे कोणते दिवस चालले, फोटोचा दर कधी वाढला, झुलेवाल्यांना उधारीवर फोटो दिला का, सगळं त्यात आहे. आणि त्यातल्या नावानिशी, तारखेनिशी एखाद्या ओळीला त्या कुटुंबाच्या लेखी फार मोल असू शकतं. आपण अमुक साली इथे होतो हे सांगणारा एकही कागद नसलेली घरं या धंद्यात पुष्कळ आहेत. मोडीच्या वहीचं पान न् पान आधी फोटो काढून घ्या, मगच कुणाला वाचायला द्या, तेही ते फोटो, मूळ वही नव्हे. मोडी वाचणारे आता ग्वाल्हेरातही शोधावे लागतात. पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळाकडे विचारलंत तर वाचक मिळू शकेल. जमाखर्च असेल तर निराश होऊ नका. तेलाचा, कापडाचा, रंगाचा, जागेच्या भाड्याचा खर्च हाच मेळ्याचा आतला हिशेब, आणि तो कुणी छापलेला नाही.

घर रिकामं करण्याआधी एक गोष्ट कराच. ट्रंका उघडून सामान जसं आहे तसंच वरून फोटो काढा, थर उचलत जा आणि प्रत्येक थराचा काढा. आजोबांनी पुडकी ज्या क्रमाने बांधली तो क्रम मोडू नका, साल माहीत नसलं तरी एका पुडक्यातलं बहुधा एका मेळ्याचं असतं. पुडक्यावर सुतळीत अडकवलेली चिठ्ठी असेल, अगदी नुसता आकडा लिहिलेली, तर ती त्याच पाकिटासोबत ठेवा आणि नव्या यादीत तो आकडा जुन्या क्रमांकाच्या रकान्यात उतरवा.